काल्पनिक राज्याचं विधीसंगीत कसं रचावं: एका ‘ओंजळगजरा’ची बांधणी, पायरीपायरीनं

गणपतीतला जिवंत देखावा असो, शिवजयंतीच्या मिरवणुकीतला चित्ररथ असो, गॅदरिंगचं नाटक असो की मोबाईलवर ऐकायची मालिका, अद्भुतकथा आता बेळगाव, खानापूर, निपाणीकडेही हौसेनं लिहिल्या जातात. राज्य नवं असतं, नद्या नव्या असतात, राणीचं नावही कुणी कधी ऐकलेलं नसतं. मात्र राज्यारोहणाचा प्रसंग आला की कुठून तरी उतरवून घेतलेली तुतारी वाजते, मागून ढोल येतात आणि ते राज्य इतर कुठल्याही राज्यासारखं होऊन जातं.

विधीचं संगीत वेगळ्या पद्धतीनं रचावं लागतं. त्या विधीत कोण चालतं, कुठे थांबतं, हातात काय असतं आणि कुठल्या क्षणी काय घडतं, हे आधी ठरलं पाहिजे. चाल त्यानंतर सुचते, आणि बहुतेक वेळा आपसूक सुचते. या लेखात एक विधी आणि त्याचं संगीत पहिल्यापासून बांधून दाखवतो. वाद्यं आपल्याच भागातली आहेत, राज्य मात्र मनातलं.

विधी कागदावर उतरवा

आपलं राज्य आहे मिरुणखोरं. मधून मिरुणा नदी वाहते. अलीकडच्या काठावरचे ते अलथडीकर, पलीकडचे पलथडीकर. बोली दोन, नदी एक. इथे मुकुट नाही. नवी राणी पहाटे जुन्या राणीच्या चौथऱ्यापासून अनवाणी निघते, धान्याच्या कोठारापाशी थांबते, मग उंबरापाशी थांबते आणि शेवटी घाटावर येते. तिथे दोन्ही थडींचा एकेक माणूस आपल्या ओंजळीतलं पाणी तिच्या ओंजळीत ओततो. ती ते पिते. पिण्याआधी पाणी सांडलं तर विधी मोडला. या सगळ्याला जे वाजतं, गायलं जातं, त्याचं नाव ओंजळगजर.

एवढं लिहिलं की निम्मं काम झालं. संगीताला कुठे चालायचंय, कुठे थांबायचंय आणि कुठे थांबण्याची मुदत माहीत नसताना टिकून राहायचंय, हे याच चार ओळींत आहे. शेवटची गोष्ट सगळ्यात अवघड. पाणी ओतायला दहा सेकंद लागतील की मिनिटभर, हे कुणालाच ठाऊक नाही.

आपल्याकडच्या लग्नात हे रोज घडतं. मंगलाष्टकं किती लांबतील याचा नेम नसतो. एखादी मावशी ऐनवेळी स्वतः रचलेलं अष्टक घेऊन पुढे येते. वाजंत्री हातात वाद्य धरून भटजींच्या तोंडाकडे बघत उभे असतात. अंतरपाट सरकला, अक्षता पडल्या की त्याच क्षणी सनई-संबळ फुटतं. ते संगीत घड्याळावर चालत नाही, घटनेवर चालतं. आपल्या रचनेतही असा एक क्षण हवाच, आणि तो कुठला, हे पहिल्या दिवशी लिहून ठेवा. ओंजळगजरात तो आहे राणीनं रिकामी ओंजळ वर करण्याचा.

पावलं मोजा, मग ताल

ताल निवडताना लोक आधी ठेका वाजवून बघतात. आधी चालून बघा. मिरवणुकीत हलगी वाजवण्यात हयात गेलेल्या माणसाला विचारलंत तर तो सांगेल, ‘पाय मोजा की आधी.’

समजा चौथरा ते घाट अंतर तीनशे मीटर आहे. अनवाणी, सावकाश चालणाऱ्या बाईचं पाऊल साधारण 60 सेंटिमीटर धरलं तर 500 पावलं होतात. सेकंदाला एक पाऊल, म्हणजे सव्वाआठ मिनिटांच्या आसपास.

आता ताल. सम संख्येचा ताल घेतला, म्हणजे आठ मात्रांची धुमाळी किंवा केरवा, तर सम, म्हणजे तालाच्या प्रत्येक फेरीची (आवर्तनाची) पहिली मात्रा, नेहमी एकाच पायावर येते. फौजेच्या चालीला ते शोभतं. सात मात्रांत वेगळंच घडतं. एका मात्रेला एक पाऊल धरा. पहिली सम उजव्या पायावर आली तर दुसऱ्या आवर्तनाची सम डाव्या पायावर येते, तिसऱ्याची पुन्हा उजव्या. चाल किंचित डोलते. दोन थडींच्या राज्याला हेच हवं: एक सम अलथडीची, एक पलथडीची. म्हणून चालतीचा, म्हणजे चालतानाच्या भागाचा, ताल सात मात्रांचा, तीन-दोन-दोन असा. रूपकाचे विभागही असेच असतात, पण ठेका रूपकाचा घेऊ नका. तो तबल्याचा आहे आणि बैठकीची आठवण करून देतो. हलगीवर पहिल्या मात्रेला भरदार घाव, चौथ्या आणि सहाव्या मात्रेला काठावरचा, बाकीच्या मात्रांवर बारीक काडीची दुगुन (एका मात्रेत दोन घाव), एवढं पुरे.

500 ला 7 नं भाग जात नाही, तीन पावलं उरतात. तेव्हा कथेतच अंतर ठरवून टाका: चौथऱ्यापासून घाटापर्यंत 504 पावलं. म्हणजे बरोबर 72 आवर्तनं. राणी उजव्या पायानं निघाली तर 505 वं पाऊल, म्हणजे पाण्यात पडणारं पहिलं पाऊल, उजवंच असेल आणि ते समेवर पडेल. दोन थांबे समान अंतरावर ठेवा. कोठार 168 पावलांवर, उंबर 336 वर. दोन्ही ठिकाणी पूर्ण आवर्तन संपलेलं असतं, त्यामुळे वादकाला मध्येच ताल तोडावा लागत नाही. हा हिशेब प्रेक्षकाला कळणार नाही, कळायची गरजही नाही. पण उजवा पाय पाण्यात आणि घाव समेवर हे एकदम झालं की अंगावर काटा येतो तो येतोच.

मंचावर तीनशे मीटर कुठून आणायचे? तिथे एका टप्प्याचं एकच कडवं ठेवा, पावलांचं गणित मात्र तेच राखा. कडवं 42 पावलांचं आहे. मंचाला गोल फेरी घालून ती सहज बसतात.

तुतारीपासून सूर धरा

इथे बरेच जण उलट जातात. आधी गाण्याची पट्टी ठरवतात आणि मग तुतारीवाल्याला बोलावतात. तुतारीला ना भोकं ना पट्ट्या. नळीची लांबी ठरली की तिचा षड्ज, म्हणजे सा, ठरला. फुंक आणि ओठांचा ताण बदलून तिच्यातून ठरावीक सूरच निघतात. खालून वर जाताना सा, प, तार (वरच्या सप्तकातला) सा, मग तार ग, आणि दम असला तर तार प. मधला रे मागाल तर मिळणार नाही. तिचा गंधारही (ग) हार्मोनियमच्या गंधारापेक्षा थोडा उतरलेला असतो. तो चुकलेला नाही, हवेच्या स्तंभाचा तो नैसर्गिक गंधार आहे. म्हणून त्या सुरावर हार्मोनियम वाजवू नका.

तेव्हा आधी वादकाकडे जा, तुतारी फुंकायला लावा आणि मोबाईलवरच्या तानपुऱ्याशी तिचा षड्ज जुळवून बघा. उदाहरणासाठी तो काळी एक (हार्मोनियमची पहिली काळी पट्टी) निघाला असं धरू.

तुतारीकडे सा, ग, प आहेत. त्यांत रे आणि ध मिळवले की भूप रागाचे पाच सूर झाले: सा रे ग प ध. मिरुणखोऱ्याचं सगळं संगीत आपण या पाच सुरांतच ठेवणार आहोत, पण दर टप्प्याला षड्ज हलवून. आपल्या शास्त्रात याला मूर्च्छना म्हणतात. भूपाच्या पंचमाला सा मानलं की तेच पाच सूर दुर्गा होतात: सा रे म प ध. गंधाराला सा मानलं की मालकंस: सा, कोमल ग, म, कोमल ध, कोमल नी. सूर तेच, घर बदललं. आणि मुख्य म्हणजे तुतारी बदलावी लागत नाही, कारण तिचे तिन्ही सूर प्रत्येक वेळी रागातच बसतात.

त्याप्रमाणे वाटणी अशी:

हाक: फक्त तुतारी, काळी एकमध्ये.
चालती: दुर्गाचे सूर, षड्ज काळी चार.
ओंजळ: मालकंसाचे सूर, षड्ज पांढरी चार.
गजर: भूप, पुन्हा काळी एक.

काळी चार बायकांच्या गळ्याला सोयीची पट्टी आहे, म्हणून चालती बायकांनी गायची. काळी एक पुरुषांना बरी, तेव्हा गजर त्यांनी उचलायचा आणि बाकीच्यांनी वरून मिळायचं. हार्मोनियम लागणार असेल तर ती फक्त तालमीला, तीही तुतारी नसताना.

हाक तीनदा. पहिली सा–प. दुसरी प–तार सा. तिसरी तार सा–तार ग–तार प, आणि शेवटचा सूर दम संपेपर्यंत लांब. तो तार पंचम म्हणजेच बायकांचा षड्ज. तुतारी थांबायच्या आत त्यांनी तो सूर उचलायचा. दोन हाकांच्या मध्ये चार-पाच श्वास पूर्ण शांतता ठेवा. ती भरून काढायचा मोह होतो, देखाव्याचे कार्यकर्ते ‘आवाज गेला का ओ?’ म्हणून धावत येतात. शांतता सोडू नका.

शब्द

शब्द तालातून काढा. सात मात्रा, तीन-दोन-दोन. ऱ्हस्वाला एक पाऊल, दीर्घाला दोन.

अलथडी ये, पलथडी ये
ओंजळ भरू, घागर भरू
थेंब जपुया, सूर्य बघतो

‘अलथ–डी–ये’ म्हणून बघा, तीन-दोन-दोन आपोआप पडतं. ‘थेंब जपू’ लिहिलं तर एक मात्रा कमी पडते, ‘थेंब न सांडो’ लिहिलं तर एक वाढते. अशा ठिकाणी चालीनं ओढून घेऊ नका, शब्द बदला. शेकडो लोक चालत चालत गाणार आहेत. गळ्यानं सांभाळून घेण्याची करामत एकट्या गायकाला जमते, जमावाला नाही.

चालीचं एक रूप असं (मोठी आडवी रेघ म्हणजे आधीचाच सूर लांबवायचा, मंद्र म्हणजे खालच्या सप्तकातला):

अलथडी ये: सा रे म | प – | प –
पलथडी ये: प ध म | रे – | सा –
ओंजळ भरू: म – प | ध ध | तार सा –
घागर भरू: ध – म | रे म | प –
थेंब जपुया: प – ध | म रे | म –
सूर्य बघतो: रे – म | रे, मंद्र ध | सा –

शेवटच्या ओळीतलं ‘म रे, मंद्र ध, सा’ हे दुर्गाचं ओळखीचं वळण आहे. ते मुद्दाम एकदाच ठेवलंय. जास्त वेळा आलं तर ऐकणारा राग ओळखण्यात गुंततो. एक ओळ दोन आवर्तनांची, म्हणजे कडवं सहा आवर्तनांचं. चौथरा ते कोठार चार कडवी बसतात, पुढच्या दोन टप्प्यांतही चार-चार. शब्द तेच ठेवले तरी चालेल. विधीतल्या गाण्याला नवी माहिती द्यायची नसते.

पलथडीकरांची बोली वेगळी आहे हे विसरू नका. सीमाभागातल्या भजनी मंडळांत तुकोबांचा अभंग आणि पुरंदरदासांचं कन्नड पद एकाच रात्री, त्याच टाळावर गायलं जातं. विठ्ठल दोन्हीकडे आहे. काल्पनिक राज्यातही असाच एक शब्द दोन्ही बोलींत सारखा ठेवा. आपल्याकडे तो आहे ‘मिरुणा’. बाकीचं कडवं पलथडीकर त्यांच्या बोलीत म्हणोत, त्या नावावर दोघांनी एकत्र यायचं.

ओंजळ: इथे ताल थांबतो

पाय पाण्यात पडला की त्या घावानंतर हलगी बंद. सनईच्या जोडीला नुसता आधारस्वर धरणारा जो साथीदार असतो, ज्याला सूर म्हणतात, तो आता पांढरी चारचा षड्ज धरतो. तुतारी एखादा तार ग देते, तोच हा षड्ज. मुख्य सनई त्यावर मालकंसाचे सूर अगदी विरळ लावते. वादक मुरलेला असेल तर त्याला सांगा की मालकंस गायचा नाही, त्याच्या ठरलेल्या जागा घ्यायच्या नाहीत. एका श्वासात दोन सूर, फार तर तीन. या भागाची लांबी लिहायची नाही. रिकामी ओंजळ वर दिसेपर्यंत तो चालू.

यासाठी एक माणूस फक्त इशाऱ्याला ठेवा. त्यानं वाजवायचं नाही, गायचं नाही, राणीच्या हाताकडे बघायचं आणि आपला हात खाली आणायचा. दिग्दर्शकानं हे काम घेऊ नये, त्याचं लक्ष शंभर ठिकाणी असतं.

गजर

हात खाली आला की हलगी, संबळ, झांज, सगळं एकदम, आठ मात्रांत. इथे धुमाळीचं अंग खुशाल घ्या. सातच्या डोलण्यातून आठच्या सरळ चालीत येणं म्हणजेच दोन्ही थडी एका पायावर येणं. शब्द एवढेच:

मिरुणामाई, पान्हा सोडी

आठ आणि आठ मात्रा. सा–ग–प वर चढायचं, ध ला शिवून रे मार्गे सा वर उतरायचं. लहान मुलालाही दुसऱ्या फेरीला येईल इतकं सोपं ठेवा. लय हळूहळू वाढू द्या आणि शिखरावर एकदम तोडा. मग तुतारीची पहिली हाक, सा–प, एकदाच. ती झाली की विधी संपला.

काय उसनं घ्यायचं आणि काय नाही

याबद्दल माझं मत ठाम आहे. वाद्यं घ्या, वाजवण्याच्या रीती घ्या, रचनेची युक्ती घ्या. हाका घेऊ नका.

सौंदत्तीच्या यल्लम्माच्या डोंगरावर पौर्णिमेच्या यात्रेला चौंडकं जवळून बघा. लाकडी नळकांड्याला खालून चामडं, त्यातून ओवलेली तार, वाद्य काखेत दाबलेलं. एका हातानं तार ताणायची, दुसऱ्यानं छेडायची. ताण वाढला की सूर चढतो, सैल झाला की खाली घरंगळतो. बोलल्यासारखा आवाज येतो. ही युक्ती तुमच्या राज्यात जरूर न्या. काल्पनिक लोकांचं असं ताणतं-सुटतं वाद्य किती तरी सुंदर होईल. पण तिथली ‘उदो उदो’ ही हाक नेऊ नका. ती म्हणणाऱ्या जोगतिणीच्या, म्हणजे यल्लम्माला वाहिलेल्या बाईच्या, डोक्यावर जग (देवीची टोपली) असतो, पाठीशी कुणाचा तरी नवस असतो. गोंधळातलं देवतांना आवतण देणंही तसंच. ते ज्यांचं आहे त्यांच्याकडे जिवंत आहे, पोशाखासारखं वापरायला नाही.

शिवराज्याभिषेकाचे घोष घेऊ नयेत याला आदराइतकंच व्यवहाराचंही कारण आहे. बेळगावात ती गर्जना कानावर पडली की ऐकणारा त्याच क्षणी 1674 च्या रायगडावर पोचतो. मिरुणखोरं तिथेच संपतं. तुतारी आपणही वापरतोय, म्हणून तर तीन हाका आणि मधली लांब शांतता ठेवली आहे, ऐकणाऱ्याला ही दुसरी कुठली तरी जागा आहे हे कळावं म्हणून.

तालीम आणि ध्वनिमुद्रण

पहिल्या तालमीला एकही वाद्य नको. सगळ्यांनी टाळ्या वाजवत सात-सात पावलं चालायचं, सम कुठल्या पायावर आली ते मोठ्यानं म्हणायचं, ‘उजवा’, ‘डावा’. हे पायात बसल्यावर शब्द, त्यानंतर हलगी, आणि सनई-तुतारी सगळ्यात शेवटी. सनईवाले आणि तुतारीवाले सुपारी घेऊन येणारे लोक आहेत. त्यांना चार तालमींना बसवून ठेवणं बरं नाही. दोन तालमी ठरवा आणि दोन्हींचे पैसे द्या.

खानापूरकडे पावसाळ्यात तालीम असेल तर हलगी शेकायला शेगडीची सोय आधी करा. दमट हवेत चामडं उतरतं, घाव थपथप वाजतो, आणि ताणलेल्या हलगीचा तो कडक आवाज कुठल्याही यंत्रानं नंतर आणता येत नाही. पत्र्याच्या छपराखाली ध्वनिमुद्रण टाळा. जुन्या वाड्याची पडवी किंवा देवळाचा सभामंडप चांगला. हलगीपासून माईक सहा-सात फूट लांब, सनईच्या तोंडासमोर न धरता थोडा बाजूला. सूर धरणाऱ्याला वेगळा माईक द्या, कारण ओंजळीचा भाग त्याच्यावरच उभा आहे आणि मिश्रणात तोच पहिला बुडतो.

नदीचा आवाज वेगळा घ्या. खळाळ फार नको. पावसाळ्यात गोकाकच्या धबधब्यापाशी उभं राहिलात तर शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही. घटप्रभा तिथे पन्नासेक मीटर खाली कोसळते. तो आवाज सगळ्या सुरांवर पांघरूण घालतो. मिरुणेला साधा, संथ पात्रातला आवाज द्या, आणि तोही फक्त ओंजळीच्या भागात.

पाणी सांडलं तर

हा भाग बहुतेक जण रचतच नाहीत. विधी मोडू शकतो असं कथेत लिहिलंय, तर मोडल्यावर काय वाजतं, हेही तयार हवं. नाहीतर त्या नियमाला वजनच उरत नाही.

पाणी सांडलं की इशारा धरणारा हात खाली आणत नाही, छातीशी घेतो. सनई असेल त्या सुरावर तोडायची. आधारस्वर मात्र चालू ठेवायचा. राणी वळते आणि 504 पावलं परत चालते, आता डाव्या पायानं सुरुवात. हलगीवर चामड्याला स्पर्श नाही, फक्त कड्यावर काडीचे घाव, तेच तीन-दोन-दोन. बायका शब्द म्हणत नाहीत, ओठ मिटून तीच चाल गुणगुणतात. उंबरापाशी आणि कोठारापाशी यावेळी थांबायचं नाही. चौथऱ्यावर पोचल्यावर आधारस्वर थांबतो, आणि तुतारी पुन्हा पहिल्या हाकेपासून सुरू करते. हे रूप एका वेगळ्या कागदावर लिहून प्रत्येक वादकाला द्या आणि मुख्य प्रयोगाइतकीच त्याचीही तालीम घ्या.